आक्कानं मला प्रतिवादी केलं

दिवाळीनंतरची गोष्ट. धारच्या शाळेत पोरांकडून तेराचा पाढा म्हणून घेत होतो, तेवढ्यात कचेरीचा शिपाई दारात उभा राहिला. माझ्या नावाचं समन्स... देवासच्या कोर्टाचं!

कागद तीनदा वाचला. वादी, माझी सख्खी थोरली बहीण. पहिले प्रतिवादी तिचे दीर. आणि दुसरा प्रतिवादी... मी.

मी काय केलं, काही कळेना. आक्का देवासला दिलेली, चार वर्षांपूर्वी तिचे यजमान गेले. आत्ताच दिवाळीला तिच्याकडे अनारसे खाऊन आलो होतो... आणि तिनं माझ्यावर दावा लावला?

रागानं पत्र लिहायला घेतलं. "तीर्थरूप आक्कास साष्टांग नमस्कार" एवढं लिहिलं आणि पुढे काय लिहावं ते सुचेना. शेवटी रजा टाकली आणि टांगे बदलत इंदूरवरून देवास गाठलं.

तिथे आणखी घोळ. देवास गाव एक, राज्यं दोन... थोरली पाती आणि धाकटी पाती. मी धाकट्या पातीच्या कचेरीत तासभर बसलो, मग तिथला कारकून कागद बघून म्हणाला, "अरे भिया, ये तो सामनेवाले राज का है!"

धावत रस्ता ओलांडला. आक्का कोर्टाच्या ओसरीत बसली होती, मला पाहून उठली. मी तोंड फिरवलं.

तिचे वकील पुढे आले. "मास्तर, तुमच्याशी भांडण नाही हो. तुमच्या वडिलांनी पेरूची बाग बाईंना दिली, असं आम्ही म्हणतो. दीर म्हणतात, बाईंना नाही, त्यांच्या नवऱ्याला दिली, म्हणून आता ती आमची. मग देणाऱ्याच्या वारसांना विचारल्याशिवाय निकाल कसा लागणार? कोर्टानंच सांगितलं, त्यांना पक्षकार करा."

मला निम्मंच कळलं. भांडण नाही, तर प्रतिवादी कशाला? "म्हणजे मी नक्की कुणाच्या बाजूचा?" मी विचारलं.

वकील हसले. आक्का हसली नाही. "तुला आधी कळवणार होते रे नाना... मन धजेना," ती म्हणाली. त्या बागेवरच ती आणि तिची लेक शकू जगत होत्या. बाग गेली असती तर दिरांच्या दारात राहायची वेळ होती.

पुकारा झाला. मुन्सफसाहेबांनी विचारलं, बागेवर हक्क सांगता का? "नाही," मी म्हणालो. आक्कानं डोळे मिटून घेतले.

"वडिलांचे वारस तुम्ही एकटेच?"

"हो," म्हणालो आणि जीभ अडखळली. वडिलांच्या मागे आमच्या वाटण्या झाल्या होत्या, मग थोरला भाऊ प्लेगमध्ये गेला, त्याचा वाटा त्याच्या बायकोकडे आला. ती सहा वर्षं माझ्याच घरात आहे... रोज तिच्या हातचं जेवतो मी!

"चुकलो साहेब. माझ्या वहिनी आहेत."

झालं. वहिनींनाही पक्षकार करा, असा हुकूम झाला आणि तारीख पुढे गेली. वाटलं, मीच तिचं काम बिघडवलं...

धारला येऊन वहिनींना भीत भीत सांगितलं. पोळी लाटता लाटता त्यांचा हात थांबला. "शकूच्या बारशाला मामंजींनी बाग दिली ना? त्यांच्या सांगण्यावरून वन्संच्या ओटीत नारळ मीच घातला. वन्सं बाळाला घेऊन आत गेल्या, तेव्हा ही फक्त लेकीची, जावयाची नाही, असं मामंजी सगळ्यांदेखत म्हणाले. वन्संचे दीर तिथंच बसले होते, पानसुपारी घेऊन गेले."

त्या बारशाला मी गेलोच नव्हतो. "मग इतके दिवस बोलला का नाहीत?"

"मला कुणी विचारलं?"

माघात तारीख होती. वहिनींनी कोर्टात तेच सांगितलं, शब्द न बदलता. मुन्सफसाहेबांनी दिरांना पानसुपारीचं विचारलं, तर "घेतली होती" असं त्यांना म्हणावं लागलं... बाग आक्काची ठरली.

कागदोपत्री आक्का जिंकली आणि वहिनी नि मी हरलो. हरलो म्हणून येताना टोपलीभर पेरू मिळाले. हा कायदा मला अजून नीट समजलेला नाही... पण माझ्याच घरातल्या माणसाला काही विचारायचं राहिलंय, हे त्यानं मला दाखवलं. त्याचे मनापासून आभार.