वहीतली 'चाल : जुनी'

बिरवाडीच्या आत्याआजीने, म्हणजे माझ्या वडिलांच्या आत्याने, मला बोलावलं ते इंग्रजीत पत्र लिहायला. घरात इंग्रजी शाळेत गेलेली मी एकटीच, त्यामुळे अशी कामं माझ्याकडे येतात. मला ती बरी वाटतात. लिहिताना फार बोलावं लागत नाही.

तिच्या वडिलांनी बोलपटांच्या सुरुवातीच्या काळात मुंबईत चार-पाच चित्रपटांना संगीत दिलं होतं. पुढे काम मिळेना, तसे ते पोलादपूरकडच्या आपल्या वाडीत परतले आणि शेवटपर्यंत भजनी मंडळाला चाली शिकवत राहिले. त्यांचं एक गाणं जुन्या तबकड्या जमवणाऱ्या एका गृहस्थांनी इंटरनेटवर टाकलं होतं. तबकडीवर फक्त गायिकेचं नाव होतं, म्हणून त्यांनी खाली लिहिलं होतं, 'संगीत : अज्ञात'. आत्याआजीला तिथं आपल्या वडिलांचं नाव हवं होतं. मी पत्र पाठवलं. उत्तर आलं, वडिलांच्या हातचा एखादा कागद असेल तर दाखवा.

"हाय ना!" म्हणत तिने ट्रंकेतून भजनाची वही काढली.

त्या गाण्याची चाल त्यांनी पुढे एका अभंगाला लावली होती. तो तिला पाठ, त्यामुळे वही उघडायची वेळ कधी आली नव्हती. पान सापडलं. पेन्सिलीने लिहिलेले स्वर, त्यांच्याच अक्षरात. अभंगाच्या डोक्यावर चाल कुठली ते लिहायची पद्धत असते; हल्ली तिथं सर्रास सिनेमाच्या गाण्याची ओळ दिसते. इथं लिहिलं होतं, 'चाल : जुनी'. म्हणजे चाल आपली नाही, असं त्यांच्याच अक्षरात.

"बाबांनी माझीच फिरकी घेतली गो," ती म्हणाली.

"पण असं का लिहिलं असेल?"

"सिनेमातली म्हटली असती तर तेव्हाच्या म्हाताऱ्यांनी देवळात गाऊ दिली असती? पेटीसकट बाहेर काढला असता बाबांना." मग चष्मा पुसत म्हणाली, "ती वळ सोडून फोटो काढ."

मी मोबाइल थोडा खाली घेतला. ओळ दिसेनाशी झाली. बटण मात्र दाबवेना.

"आजी, पूर्ण पान पाठवू. असं का लिहिलं तेही मी कळवते."

"म्हंजे बाप खोटं लिवून गेला, ते लेकीनंच सांगायचं?"

 तिने त्या ओळीवरून बोट फिरवलं.

"कळव," ती म्हणाली. "पण वाडीचं नाव घालू नको. तिथं अजून गातात ती चाल. कुणाच्या डोक्यात काय येईल, सांगता येत नाय."

आठवड्याने 'अज्ञात' गेलं आणि त्या जागी नाव आलं. मी तिला मोबाइलवर मोठं करून दाखवलं.

"पुढं ते प्रश्नचिन्ह कशाला?"

"त्यांना पूर्ण खात्री नाही म्हणून."

"असू दे. त्यांना नाय, मला हाय," ती म्हणाली आणि नाव पुन्हा एकदा, मोठ्याने वाचलं.