सहा मिनिटांचं धुणं

"बाई, चोपडी शेळीनं खाल्ली," धोंडिबा दारातूनच म्हणाला. "निम्मीच ऱ्हायलीया. तुमच्याकडं उजेडात ठेवल्याली हाय न्हवं?"

त्याच्या हातात फाटकी वही होती. कळपातली मेंढरं लंगडायला लागली होती. खुरांच्या रोगाचं औषध त्या वहीत होतं, आणि नेमकं तेच पान शेळीच्या पोटात गेलं होतं.

साठच्या दशकाच्या सुरुवातीची ही गोष्ट. कासार आंबोलीच्या पुढे, पौड रस्त्यापासून आत, आमची प्रकाशलेख अकादमी होती. नाव भारदस्त, काम साधं. जुन्या पोथ्या, वह्या, कागदपत्रं यांचे मायक्रोफिल्मवर फोटो काढून ठेवायचे. शेकडो पानं मुठीत मावणाऱ्या एका रिळात बसत. वाचायची असली की मागे दिवा लावून पडद्यावर मोठी करायची. आमचे संचालक डॉ. सबनीस याला 'ज्ञान उजेडात साठवणं' म्हणत. मी केमिस्ट्रीची बी.एस्सी., डार्करूमची इन्चार्ज.

धोंडिबा धनगराचा चुलता लष्करात जनावरांच्या दवाखान्यात कंपाउंडर होता. त्यानं आयुष्यभरात पाहिलेले मेंढरांचे रोग आणि उतारे या वहीत लिहून ठेवले होते. आदल्या उन्हाळ्यात मीच ती धोंडिबाकडून मागून आणली, फिल्म केली आणि परत दिली. "आता काळजी नको," असंही वर सांगितलं होतं.

मी रीळ काढलं, मशीनवर चढवलं. पडद्यावर पान आलं, पण वाचता येईना. आमच्या फिल्मवर पार्श्वभूमी काळी आणि अक्षरं पारदर्शक असत. इथे काळा रंग जाऊन मळकट पिवळा झाला होता. अक्षरं त्यात विरून गेली होती.

"काय झालं?" धोंडिबानं विचारलं.

"डाग पडलेत. थांबा जरा."

डार्करूममध्ये निळी काच होती. ती दिव्यापुढे धरली. निळ्या उजेडात पिवळा रंग काळपट दिसतो. मग अक्षरं हळूहळू सुटी झाली. मोरचूद किती, पाणी किती, मेंढरू त्यात किती वेळ उभं करायचं, सगळं मी उतरवून घेतलं आणि त्याला दोनदा वाचून दाखवलं. पुढच्या दोन पानांवर मात्र निळ्या काचेचाही इलाज चालला नाही.

धोंडिबा कागद घेऊन गेला. डाग कशानं पडले ते मला ठाऊक होतं.

फिल्म डेव्हलप झाली की ती हायपोच्या द्रावणात बुडवतात. त्यानं चित्र पक्कं होतं. पण नंतर हायपो पूर्ण धुऊन निघाला पाहिजे. राहिला तर तोच चित्र खातो. वाहत्या पाण्यात वीस मिनिटं धुवायची, असा आमचा नियम. आदल्या उन्हाळ्यात विहीर आटली, पाणी हंड्यांनी डोक्यावरून आणावं लागलं आणि मी वीसची सहा मिनिटं केली. कुणाला सांगितलं नाही.

तरी खात्री हवी होती. त्या उन्हाळ्यातल्या प्रत्येक रिळाच्या कडेवर सिल्व्हर नायट्रेटचा थेंब टाकला. हायपो असेल तर तो थेंब तपकिरी होतो. एकूण एक थेंब तपकिरी झाला. डाग मात्र अजून तीनच रिळांवर होते.

मी सबनीससाहेबांच्या खोलीत गेले आणि सगळं सांगितलं.

"सहा मिनिटं कुणी ठरवली?"

"मी."

"मला का नाही विचारलंत?"

"विचारलं असतं तर तुम्ही वीस म्हणाला असता. आणि पाणी नव्हतं."

"सोमवारी अनुदानाची समिती येतेय, दातेबाई. ती गेली की बघू."

"सर, उष्णता वाढतेय. डाग नाहीत ती रिळं आज धुतली तर वाचतील. पुढच्या आठवड्याचं मी सांगू शकत नाही."

"धुणार कशात? विहीर तर पुन्हा तळाला गेलीय."

याचं उत्तर धोंडिबाकडे निघालं. दुसऱ्या दिवशी औषध लागू पडतंय हे सांगायला तो आला, तेव्हा मी त्याला खरं ते सांगून टाकलं. वहीची दोन पानं गेली, आणि ती माझ्यामुळे गेली.

तो म्हणाला, "एक मला तोंडपाठ हाय, चुलता म्हनायचा. दुसरं गेलं म्हनायचं." मग विचारलं, "पानी किती लागतंय?"

"थोडंच, पण सारखं वाहतं हवं."

"मग वर चला की. टेकडीच्या कुशीला झरा हाय, बारमाही. मेंढरं तितंच पितात."

"मेंढरांनी गाळ ढवळला तर फिल्मवर ओरखडे येतील."

"न्हाई आननार तितं. चार दिस नदीवर नेतो."

नदी त्याच्या मेंढरांच्या वाड्यापासून लांब होती आणि निम्मा कळप लंगडा होता. तरी त्यानं नेलं.

पक्की झालेली फिल्म उजेडाला घाबरत नाही, हे आमच्या पथ्यावर पडलं. झऱ्याच्या धारेला मलमलीची चार पदरी पिशवी बांधली, खाली टाकी ठेवली, लाकडी चौकटींवर फिल्म गुंडाळली. भर दुपारी करंजाच्या सावलीत मी घड्याळ घेऊन बसले. वीस नाही, तीस मिनिटं. दुसऱ्या दिवशी सबनीससाहेब स्वतः बाह्या सरसावून आले. चौकटी उचलू लागले.

सोमवारी समिती आली तेव्हा हॉलभर फिल्म वाळत टांगली होती. साहेबांनी काही लपवलं नाही. "चूक आमची. तीन रिळं डागाळली, बाकीची वाचली," एवढंच म्हणाले. त्या वर्षी आमचं नवीन कॅमेऱ्याचं मागणं नामंजूर झालं. माझी नोकरी राहिली. धुण्याची वेळ लिहून खाली सही करायचं रजिस्टर मात्र सुरू झालं.

निघताना समितीतले एक गृहस्थ मागे रेंगाळले. दुसऱ्या एका मोठ्या संस्थेत ते माझ्यासारखंच डार्करूमचं काम बघत. हळूच म्हणाले, "ती थेंबाची टेस्ट जरा लिहून देता?"

मी लिहून दिली आणि विचारलं, "तुमच्याकडे किती मिनिटं धुतात?"

त्यांनी कागदाची घडी करून खिशात ठेवली.

"ते," ते म्हणाले, "परत गेल्यावर बघावं लागेल."