दोना अल्झिराच्या टेबलावरची अक्षरं

आधी त्यांचं नाव सांगते — दोना अल्झिरा. ‘दोना’ म्हणजे आपल्याकडचं ‘बाई’. अमेरिकेत न्यूअर्कच्या पोर्तुगीज वस्तीतल्या म्हाताऱ्या कवयित्री. नवऱ्यानं मला घराबाहेर काढलं तेव्हा मी लाँड्रीत बॅग घेऊन बसले होते. त्यांनी काही न विचारता घरी नेलं, खोली दिली, काम दिलं. एवढं मी सगळ्यांना सांगते. पुढचं आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईलाही नाही.

मी आठवीत शाळा सोडलेली. मला काय कळणार कविता? त्यांची तर वाचायचीही नव्हती — बघायची. सुपरमार्केटच्या जाहिरातींतली अक्षरं कापून त्या जेवणाच्या टेबलावर मांडायच्या. डिंक नाही. चिकटवलं की मेलं, म्हणायच्या. रोज एखादं अक्षर बोटानं जरासं सरकवायचं, मग लांब उभं राहून बघायचं. तरुणपणी, लिस्बनमध्ये हुकूमशाही होती तेव्हापासूनची ही रीत — ओळच नसली तर सरकारी माणूस खोडणार काय? हे सांगताना पोरीसारख्या हसायच्या.

शेवटची कविता हिवाळाभर चालली. टेबलभर पसरलेली. आम्ही दोघी ओट्याशी उभ्यानं जेवायचो.

एका रविवारी एडिसनहून ओळखीच्या शैलाकाकू आल्या. त्यांना मी काय सांगून ठेवलं होतं? — की मी एका प्रोफेसरकडे हाउस मॅनेजर आहे. दोना चर्चला गेल्या होत्या. पोह्यांची बशी हातात धरून काकू टेबलाकडे बघत राहिल्या.

“अगं, बशी ठेवायला जागा नाही. हा कचरा कसला? मॅनेजर ना तू इथली?”

ही कविता आहे, एवढं म्हणता आलं असतं. नाही म्हटलं. लाज वाटली — दोनांची की माझी? फडकं घेतलं आणि सगळी अक्षरं ओढून डब्यात टाकली. चहाच्या चोथ्यावर.

इथवर चूक म्हणून चाललं असतं.

दोना आल्या. कोट न काढताच टेबलाशी थांबल्या. कुठंय, एवढंच विचारलं. आणि मी — माझ्या मोडक्या इंग्लिशमध्ये — म्हणाले, तुम्हीच काल टाकलंत ना. आठवत नाही?

खोली जाईल म्हणून म्हणाले. त्या रागावल्या नाहीत. खुर्चीत बसून स्वतःच्या हातांकडे बघत राहिल्या.

मग ओहायोहून त्यांची मुलगी तेरेझा आली. मला बाजूला घेऊन विचारलं, आई हल्ली विसरते का? तेव्हा तरी खरं बोलले? — ‘कधी कधी,’ म्हणाले. डॉक्टरांपुढे दोना इतक्या घाबरल्या की साध्या प्रश्नांनाही अडखळल्या. घर विकलं, त्यांना वृद्धाश्रमात ठेवलं. निघताना तेरेझानं मला मिठी मारली, ओळखीतून दुसरं कामही बघून दिलं. दोनांनी कात्री परत हातात घेतली नाही.

मी अजून भेटायला जाते. त्या माझा हात धरून नर्सला सांगतात, मी विसरते हे सगळे लपवत होते, हिनंच मला खरं सांगितलं. मी काय करते? उशी सारखी करते.

त्यांना मराठी येत नाही, म्हणून हे मराठीत लिहिलं. हिंमत आहे ती एवढीच. पण त्या आहेत तोवर, एक दिवस त्यांच्यासमोर बसून, त्यांना कळेल अशा भाषेत सांगेन — दोना, तुम्ही काहीच विसरला नव्हतात. तुमचं हे देणं मी फेडीन.