दुसरी सही

काळाचौकीला आमच्या चाळीखाली झेरॉक्सचं दुकान आहे. तिथल्या काकांना लोकशाही सुधारायची आहे. प्रत निघेपर्यंत गिऱ्हाइकाला एक तरी सूचना ऐकावी लागते. नगरसेवकाने महिनाभर चाळीतल्या संडासाच्या रांगेत उभं राहावं आणि मगच शपथ घ्यावी, ही त्यांची लाडकी. हसलात तर ते चष्म्यावरून बघत राहतात आणि प्रत हातातच धरून ठेवतात.

कुणाचा तक्रारअर्ज आला, की तो वाचून खाली स्वतःचीही सही ठोकतात. "एकट्याचा अर्ज कोण बघतो रे?"

परवा मी त्यांच्याच विरुद्धचा अर्ज नेला. दुकानाच्या लोंबकळणाऱ्या बोर्डावर माझं डोकं दोनदा आपटलं होतं. दुसरं दुकान लांब, म्हणून कागद उलटा करूनच पुढे केला. काकांनी तो सुलटा केला, सावकाश वाचला, 'म्हाताऱ्यांनाही त्रास होतो' असं एक वाक्य वाढवलं आणि सही केली. मला खरंच लाज वाटली.

आज तिसऱ्यांदा आपटलं. म्हटलं, "काका, काढा की तो आता."

"असा कसा काढू? आपण रीतसर तक्रार केलीय ना. वॉर्ड ऑफिस काय करतंय ते बघू."