पंचवटीतलं उलटं झाड

किस्से गोळा करायला कुठं जावं लागत नाही. खडूच्या भुकटीसारखे असतात ते. दिवसभर क्लासात वावरलं की आपोआप अंगाला लागून घरी येतात. बायको दारातच झटकायची, तरी निम्मे शर्टाच्या शिवणीत राहायचेच. आता क्लास नाही, खडू नाही, पण शर्ट झटकला की अजून काहीतरी पडतं.

मी दगू. नववी नापास, आणि तेही मन लावून. नव्वदच्या पुढं-मागं पंचवटीत, भाजीबाजाराच्या गल्लीत, पहिल्या मजल्यावर गायधनी सर आणि आहेर सर यांनी मिळून मॅथ्स आणि कॉम्प्युटरचा क्लास काढला. कुलूप उघडण्यापासून नोट्सच्या झेरॉक्स आणण्यापर्यंत सगळं माझ्या गळ्यात. गायधनी सर इथलेच, पंचवटीचे. इतके हळू बोलायचे की शेवटच्या बाकावरची पोरं ओठ बघून लिहायची. आहेर सर सटाण्याकडचे, तापले की अहिराणीत घसरायचे. त्यांचा आवाज खाली वांगी निवडणाऱ्या बायांनाही पाठ. दोघं कॉलेजात एका खोलीत राहिलेले, एका डब्यात जेवलेले. एकमेकांना अरे-तुरे. भांडण म्हणाल तर एकच, झाडावरून.

झाड म्हणजे आपलं आंब्याचं नव्हे. फळ्यावर गोल काढायचे, रेघांनी जोडायचे, फिरून त्याच गोलावर येता येणार नाही एवढं बघायचं. झालं झाड. सगळ्यात वरचा गोल म्हणजे मूळ, सगळ्यात खालचे म्हणजे पानं. हो, मूळ वर आणि पानं खाली. मी विचारलं होतं का म्हणून. आहेर सर म्हणाले, "दगू, फळ्यावर खाली जागा जास्त असते."

इथपर्यंत दोघांचं एकमत. पुढची गंमत अशी की या झाडाच्या बाबतीत एका पुस्तकाचा दुसऱ्या पुस्तकाशी मेळ नाही, आणि दोघांनी नेमकी वेगवेगळी पुस्तकं वाचलेली. गायधनी सर मूळ शून्यावर धरून उंची मोजायचे, आहेर सर एकावर. एवढ्याशा गोष्टीवरून क्लास मोडायला निघेल आणि दोन जिवाभावाचे मित्र तोंड फिरवतील, असं तेव्हा कुणी म्हणालं असतं तर मीच त्याला वर चहा पाजला असता, डोकं थंड व्हायला.

•

पहिल्या वर्षी सरांनी ठरवलं, झाडाचा एक मोठा तक्ता भिंतीवर लावायचा. गल्लीच्या तोंडाशी एक पेंटर बसायचा, दुकानांच्या पाट्या रंगवायचा. मी त्याला सरांनी काढून दिलेलं चित्र दिलं. चार दिवसांनी तक्ता आला. पेंटरनं चित्र बघितलं, त्याला वाटलं सरांकडून कागद उलटा पडला. बिचाऱ्यानं चूक सुधारली. मूळ खाली, फांद्या वर, हिरवा रंग, आणि मोकळी जागा दिसली म्हणून वरच्या फांदीवर एक पोपट.

आहेर सर बघत राहिले. गायधनी सर हळूच म्हणाले, "पैसे गेलेत. उलटा लाव."

मी उलटा लावला. झाड बरोबर झालं, पोपट मात्र खाली डोकं, वर पाय. पुढं कित्येक बॅचेस त्या पोपटाखाली शिकून गेल्या. एकदा मागचा एक मुलगा अडखळला तेव्हा आहेर सर ओरडले, "अरे, पोपटापासून वर मोजत ये ना!" त्या दिवशी नवीन आलेली मुलगी मला जिन्यात विचारते, "भाऊ, हा कॉम्प्युटरचाच क्लास आहे ना?"

•

ती मुलगी मनीषा. सायखेड्याची. घरची द्राक्षबाग, रोज एसटीनं यायची. सकाळची बॅच गायधनी सरांची, संध्याकाळची आहेर सरांची. ही हुशार, शिवाय परतीची गाडी उशिरा, म्हणून दोन्ही बॅचला बसायची. आणि मध्ये दुपारभर माझं डोकं खायची.

एकदा दोघा सरांनी मिळून परीक्षा घेतली. प्रश्न साधा. या झाडाची उंची किती? सकाळच्या पोरांनी लिहिलं तीन, संध्याकाळच्या पोरांनी चार. मनीषानं लिहिलं, "सकाळी तीन, संध्याकाळी चार."

गायधनी सरांनी तिला अर्धा मार्क दिला. आहेर सरांनी अर्धा दिला. अख्ख्या क्लासात पूर्ण मार्क एकटीला.

•

आमच्या खाली एक गुरुजी राहायचे. घाटावर श्राद्धपक्ष करायचे, पत्रिका जुळवायचे. एकदा वाद इतका चढला की आहेर सर म्हणाले, "चल, गुरुजींना विचारू. पिढ्या म्हणजे झाडच ना? मूळ पुरुष वर, पोरं-नातवंडं खाली. त्यांचं जे असेल ते आपलं."

दोघं खाली गेले. मीही गेलो. असल्या ठिकाणी मी नसेन तर काय उपयोग?

गुरुजी सुपारी कातरत होते. आहेर सरांनी विचारलं, "गुरुजी, पिढ्या मोजताना पहिला माणूस धरता का सोडता?"

"कशासाठी मोजायच्यात?"

"म्हणजे?"

"लग्न जुळवताना मोजायच्या तर स्वतःला धरून. श्राद्धाला नावं घ्यायची तर स्वतःला सोडून. बाप, आजा, पणजा."

आहेर सर वैतागले. "असं कसं? एकच काहीतरी ठरवा ना."

गुरुजींनी अडकित्ता खाली ठेवला. "साहेब, श्राद्धाला यजमानाला कसं धरू? तो जिवंत बसलाय ना समोर."

दोघं तडक वर निघाले. मी मात्र जिन्यातच बसलो पोट धरून.

•

गायधनी सरांचं आणखी एक होतं. त्यांच्या मते ज्यात एकही गोल नाही, तेही झाडच. रिकामं झाड. आहेर सरांना हे अजिबात पटायचं नाही. "निदान एक तरी गोल पाहिजे भो. काहीच नाही त्याला झाड म्हणतोस, मग उद्या दगूला प्रोफेसर म्हणशील."

माझं नाव निघालं म्हटल्यावर मी थोडाच सोडतो? दुसऱ्या दिवशी मातीनं भरलेली एक कुंडी गायधनी सरांच्या टेबलावर आणून ठेवली. "सर, तुमच्यासाठी झाड आणलं."

सरांनी कुंडीत वाकून बघितलं. नुसती माती. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. म्हणाले, "छान आहे. रोज पाणी घाल."

आता काय करता? मला पाणी घालावं लागलं. पोरं येता-जाता विचारायची, "दगूभाऊ, झाड कसंय?" मी म्हणायचो, "जसंच्या तसं." बाजारातनं काय उडून पडलं कोण जाणे, महिन्याभरात त्यात टोमॅटोचा कोंब आला. आहेर सर धावत आले. "बघ, आता झालं हे झाड!"

गायधनी सर पेपर तपासता तपासता म्हणाले, "झाड होतंच. आता उंची आली."

•

मनीषाचे वडील, त्यांना सगळे अण्णा म्हणायचे, एकदा द्राक्षांची पेटी घेऊन आले. पोरीची चौकशी करायला. बोलता बोलता सरांनी त्यांनाही शून्य आणि एक सांगितलं. या दोघांना कुणीही पंच चालायचा.

अण्णा म्हणाले, "लय जुनी भानगड हाय ही. सुरगाण्याकडची टोळी येती आमच्याकडं छाटणीला. नवे गडी होते. मी म्हणलो, पाच डोळ्यांवर काप घ्या. डोळा म्हंजी काडीवरची कोंब फुटायची गाठ. मी तळाचा डोळा सोडून मोजतो, ते धरून मोजत होते. एक अख्खी ओळ आखूड झाली तवा ध्यानात आलं."

"मग चूक कुणाची धरली?" गायधनी सर पुढं सरकले.

"चूक कुणाची नाय. त्यांच्याकडं तसं, आमच्याकडं असं. पण तवापासून म्या आकडा सांगायचा सोडला. पहिल्या वेलीला कात्री लावून दाखवतो, इथं काप म्हणून."

मग आहेर सर म्हणाले, "पण अण्णा, युनिव्हर्सिटीच्या पेपरात कात्री कुठं लावायची?"

तेव्हा हसलो आम्ही सगळे. पेटी संपेपर्यंत हसलो.

•

त्या उन्हाळ्यात रिझल्ट लागला आणि मनीषाचा नेमका हाच पेपर गेला. बाकी सगळ्यांत पहिला वर्ग. घरी अण्णांनी सांगून टाकलं, ऑक्टोबरला निघाला तर पुढं शिक, नाहीतर स्थळ आलेलं आहे, बघू.

ती क्लासात आली, पोपटाखालच्या बाकावर बसली. गायधनी सरांनी विचारलं, "लिहिलंस काय तू?"

"निम्म्या पेपरात तुमच्यासारखं लिहिलं सर. निम्म्यात आहेर सरांसारखं."

"असं का केलंस?"

"कुणालाच वाईट वाटायला नको म्हणून."

ती गेल्यावर आहेर सर म्हणाले, "तुमच्या शून्यानं पोरीचं वाटोळं केलं."

गायधनी सर म्हणाले, "तुम्ही एक सोडलं असतं तर ही वेळ आली नसती."

मी नोट्स लावत होतो, माझे हात थांबले. इतकी वर्षं या दोघांनी एकमेकांना गाढवापासून काय वाट्टेल ते म्हटलेलं मी ऐकलं होतं. ‘तुम्ही’ म्हटलेलं कधी ऐकलं नव्हतं.

महिना संपायच्या आत आहेर सरांनी गल्लीच्या पलीकडं समोरच्या बिल्डिंगमध्ये खोली घेतली. बाकं अर्धी अर्धी वाटली. कपाट यांना, पंखा त्यांना. मीही वाटला गेलो. सकाळी इकडं, संध्याकाळी तिकडं.

मनीषा गायधनी सरांकडं राहिली. तिला सरांनीच बजावलं होतं, "आता एकच धर. दोन्हीकडं बसू नकोस." ती मान खाली घालून रोज यायची. समोरच्या खिडकीकडं बघायचं नाही म्हणून जिना चढताना भिंतीला तोंड करायची.

•

दोन्हीकडं पाणी भरणाऱ्या माणसाला एक बरं असतं, बातम्या फुकट मिळतात. गायधनी सर विचारायचे, "तिकडं काय चाललंय?" मी म्हणायचो, "झाड." आहेर सर विचारायचे, "तिकडं?" मी म्हणायचो, "तेच झाड."

एकदा मी मुद्दाम खोडी काढली. आहेर सरांना म्हणालो, "गायधनी सर म्हणत होते, तुमचंच बरोबर वाटायला लागलंय." सर लाल झाले. "खोटं बोलतो शे तू. मेला तरी म्हणायचा नाही तो." आणि मग पाच मिनिटांनी, फळा पुसता पुसता, "खरंच म्हणाला का?"

मी म्हणालो, "नाही." सर पुसत राहिले. फळा केव्हाच कोरा झाला होता.

•

आता शेवटचा सांगतो.

फेरपरीक्षा तोंडावर आली आणि गायधनी सरांचं पोट दुखायला लागलं. अपेंडिक्स. एका दिवसात ऑपरेशन. डॉक्टर म्हणाले, जिना चढायचा नाही, बोलायचं कमी. बोलायचं कमी हे सरांना सांगायची गरज नव्हती, पण जिन्यानं घात केला. क्लास पहिल्या मजल्यावर.

सकाळी पोरं येऊन बसली. मनीषा पुढच्या बाकावर. सर येणार नाहीत हे सांगायला मी वर निघालो होतो. टपरीवर आहेर सर उभे. मला म्हणाले, "गायधनी सरांची बॅच कुठवर आलीय?"

"झाडापर्यंत."

"मनीषा आहे?"

"आहे."

त्यांनी वर खिडकीकडं बघितलं. चहा संपवला, ग्लास ठेवला आणि जिना चढायला लागले. क्लास फुटल्यापासून पहिल्यांदा. मी मागं मागं. मनात म्हटलं, झालं, आता पोरीच्या डोक्यात पुन्हा एक घालणार आणि तिचा पेपर पुन्हा जाणार.

सर आत गेले. मनीषा त्यांना बघून उभीच राहिली, रडायच्या बेतात. सरांनी खडू घेतला, वर एक गोल काढला आणि त्याच्या शेजारी शून्य लिहिलं.

मागं कुणीतरी कुजबुजलं, "सर, तुम्ही तर..."

"गप लिहा," आहेर सर म्हणाले. "मूळ शून्यावर. खालचे एकावर. झाडात काहीच नसलं तरी ते झाड."

रोज येत होते ते. इकडं सकाळी शून्यापासून, आणि संध्याकाळी समोर जाऊन स्वतःच्या पोरांना एकापासून. कधी चुकले नाहीत. मी दोन्हीकडं दाराशी उभा राहून ऐकलंय. मला विचारलं तर हे मला नसतं जमलं. आणि मी तर खोटं बोलण्यात पहिला नंबर.

परीक्षेच्या आदल्या आठवड्यात सकाळी मी दाराशी बसलो होतो. जिन्यात पावलं वाजली. एक पायरी, थांबा. एक पायरी, थांबा. बघतो तर गायधनी सर. एक हात कठड्यावर, एक पोटावर. मी उठलो तर त्यांनी बोट ओठावर ठेवलं.

दारात उभे राहिले. आत आहेर सर पाठमोरे, फळ्यावर झाड, सगळ्यात वर शून्य. गायधनी सर बराच वेळ बघत होते. मग हळूच आत गेले, शेवटच्या बाकाशी उभे राहिले आणि हात वर केला.

"सर, एकापासून मोजलं तर नाही चालणार का?"

अख्खा क्लास मागं वळला. आहेर सर वळले नाहीत. खडू तसाच फळ्यावर टेकलेला.

"चालतं. माझ्या वर्गात. हा माझा वर्ग नाही," ते म्हणाले. "बस खाली. टाके ओले आहेत तुझे."