सेंत-झेलीची लाल कणसं

सेंत-झेली गावाच्या वेशीवर एक पाटी आहे. तिच्यावर लोकवस्ती चारशेच्या वर लिहिली आहे. पाटी जुनी आहे. नवा आकडा लिहायला कुणी धजावत नाही, कारण एकदा लिहिला की तो मान्य करावा लागेल.

गावात एक चर्च, एक शाळा आणि ब्लांदिन वेलेतचं दुकान. दूध, पाव, खिळे, टपाल, पेट्रोल, सगळं तिच्याकडेच. नवरा वारला तेव्हा लोक म्हणाले, दुकान विकून मुलाकडे शहरात जा. ब्लांदिन फणकारली, "आणि तुम्ही एकमेकांच्या उखाळ्यापाखाळ्या काढायला कुठं जाल?" त्यानंतर कुणी तो विषय काढला नाही.

तोंडाची फटकळ बाई. पण एक शब्द तिच्या तोंडून कधी निघाला नाही, आणि खरं सांगायचं तर आमच्यापैकी कुणाच्याच निघत नाही. 'राहा'. जाणाऱ्याला अडवू नये, ही आमच्याकडची रीत. त्याची गाडी बर्फातून काढायला चार जण फावडी घेऊन धावतील, वाटेत खायला सफरचंदाचा केक बांधून देतील, पण जाऊ नको म्हणणार नाहीत. मेला आमचा ताठा!

ब्लांदिनचा मुलगा रेझां असाच गेला. तिनं त्याचे शर्ट इस्त्री करून दिले. निघताना तो दारात जरा घुटमळला, आईकडे बघत राहिला. आणि ब्लांदिन म्हणाली काय? "दार लाव, गार वारा येतोय." त्यानं दार लावलं. आता तो नाताळला फोन करतो, हवापाण्याचं बोलतो आणि ठेवतो.

गेल्या हिवाळ्याच्या तोंडावर बुरुंडीहून क्लोदेत आणि तिचा नवरा देओ आले. देओ सरपंच एर्व्हेच्या गोठ्यात दूध काढायला लागला. त्यांची तीन मुलं शाळेत गेली आणि बंद पडायला आलेली शाळा तगली. शिक्षण मंडळानं स्पष्ट सांगितलं होतं, पोरं आणखी घटली तर कुलूप. मग आमच्या चिमुरड्यांनी अंधारात उठून बसनं दुसऱ्या गावी जायचं. शाळा गेलेल्या गावात कोण नवं येणार?

आणि ऑगस्टात बातमी आली. देओला शहरात कारखान्यात काम मिळतंय, महिनाअखेरीस निघणार.

एर्व्हे तडक दुकानात आला. "ब्लांदिन, अगं काहीतरी कर!"

"मी काय करू? तुझा गडी आहे, तू बोल."

"मी कसा बोलू? त्याला वाटायचं, मालक अडवतोय. तू बाईमाणूस, तू बोल तिच्याशी."

"मी कोण लागून गेले तिची? आणि नाही म्हणाली तर?"

एर्व्हे काड्यापेटी घेऊन निघून गेला. तो विडीसुद्धा ओढत नाही.

त्याच शनिवारी कणसं सोलायचा दिवस होता. दरवर्षी चर्चच्या मागच्या अंगणात मक्याचा ढीग घालतात, सगळा गाव भोवती बसून सोलतो, मोठ्या हंड्यात उकडतो आणि लोणी-मीठ लावून खातो. सोलताना ज्याच्या हाती लाल दाण्यांचं कणीस येईल तो राजा, नाहीतर राणी. मुकुट डोक्यावर, आणि मनात येईल त्याचा मुका घ्यायचा हक्क. पण एक अट आहे. पुढच्या वर्षीच्या राजाला मुकुट याच माणसानं आपल्या हातानं घालायचा, म्हणून राजा किंवा राणी झालेल्यानं वर्षभर गाव सोडायचं नाही.

ब्लांदिनच्या डोक्यात किडा वळवळला. दुकानाच्या दारावर शोभेला टांगलेलं गेल्या वर्षीचं लाल कणीस तिनं उतरवलं, त्याला ताजी हिरवी सालं गुंडाळली, वरून दोरा बांधला आणि ॲप्रनमध्ये लपवलं. बोलायला नको, मागायला नको. रीतच काय ते बघून घेईल.

शनिवारी ती क्लोदेतला खेटून बसली. क्लोदेतचे हात असे चालत होते की आमच्या बायका बघतच राहिल्या. लहानपणापासून मका सोललेला, तिला काय कौतुक!

"हे घे ग बाई, हे चांगलं भरलंय," ब्लांदिननं कणीस सरकवलं.

क्लोदेतनं सोललं. लाल! टाळ्या, शिट्ट्या, मुकुट. ब्लांदिननं सुटकेचा निःश्वास सोडला. तेवढ्यात पलीकडून पोस्टमन आर्मां म्हणाला, "वहिनी, हेही बघा." तेही लाल. बीटच्या रसाचं, कारण क्लोदेतची बोटं रंगली. मग मास्तरीणबाईंनी एक पुढं केलं. त्याला नखांना लावायच्या रंगाचा वास येत होता. शेवटी एर्व्हे घाम पुसत आला. त्याच्या कणसाला ट्रॅक्टरचा लाल रंग होता, आणि तो अजून ओला होता.

जो तो आपल्या बुटांकडे बघायला लागला. बाकी प्रत्येकाच्या मांडीखाली एकेक रंगवलेलं कणीस उरलेलं होतं, आणि माझ्याही, लपवून काय उपयोग.

क्लोदेतनं चारही कणसं मांडीवर ठेवली. दोऱ्याचा तुकडा बोटात धरून म्हणाली, "आमच्याकडे मका दोरा बांधून उगवत नाही, मादाम ब्लांदिन. हे काय चाललंय? माझी थट्टा करताय का?"

तिचा आवाज कापत होता. हीच वेळ होती 'दार लाव' म्हणायची. सवयीनं ब्लांदिनच्या तोंडात तेच आलं होतं, पण या वेळी तिनं ते गिळलं.

"थट्टा नाही ग," ती म्हणाली. "आम्हाला बोलता येत नाही. राहा. जाऊ नका. शाळेसाठी राहा, हे खरं आहे, खोटं कशाला बोलू? पण तुझ्यासाठीही राहा. तुझी धाकटी दुकानात आली नाही, तर मला दिवसभर करमत नाही."

क्लोदेतनं हातातला दोरा खाली टाकला. मग म्हणाली, "वर्ष होत आलं. बर्फ काढलात, केक दिलेत. पण निघतोय म्हणून सांगितलं तेव्हा एकजण म्हणाला नाही, का जाता? आम्हाला वाटलं, तुमची सुटका होतेय."

"अरे देवा!" एर्व्हे रंगलेल्या हातानं कपाळ बडवून घेत ओरडला, आणि कपाळावर लाल पंजा उमटला. देओला हसू फुटलं, मग सगळ्यांनाच. क्लोदेत डोळे पुसत उठली आणि राणीच्या हक्कानं तिनं ब्लांदिनच्या दोन्ही गालांचे मुके घेतले.

"पुढच्या वर्षी मुकुट कुणाला घालायचा ते आत्ताच सांगून ठेवा," ती म्हणाली. "नाहीतर पुन्हा सगळे रंगकाम काढाल."

रविवारी चर्चहून आल्यावर ब्लांदिननं कोट न काढताच फोन लावला.

"रेझां? मी बोलतेय."

"आई? काय झालं? बरी आहेस ना?"

"मला काय धाड भरलीय! ऐक. घरी ये. चार दिवस राहायला ये. मला तू हवा आहेस."

ब्लांदिननं फोन घट्ट धरून ठेवला. ती हवापाण्याचं काही बोलली नाही.

"येतो," रेझां म्हणाला. "आई, त्या दिवशी दारात मी याचीच वाट बघत होतो."