इनाम पुकारण्याचं अर्थशास्त्र

"सर, लोकं उठून जायलेत," बप्पा माझ्या कानाशी लागून म्हणाले. "तुमच्या लेखात हे लिहिल्यालं व्हतं का?"

नव्हतं. मी डोक्याला फेटा, गळ्यात हार अशा अवस्थेत स्टेजवर बसलो होतो. समोर जत्रेतला कुस्त्यांचा फड, भोवती प्रायोजकाचे फलक. फलकांमागची गर्दी मात्र विरळ होत चालली होती.

नव्वदीच्या दशकाची सुरुवात होती. मी पाटोद्याला कॉलेजात अर्थशास्त्र शिकवायचो. खुली अर्थव्यवस्था म्हटलं की वर्ग जांभया द्यायचा. म्हणून जवळचा विषय धरला आणि एका त्रैमासिकात लेख छापला: गावच्या कुस्त्यांना पैसा येतो कुठून? बप्पा जवळच्याच एका गावच्या यात्रा कमिटीचे अध्यक्ष. तो लेख शेवटपर्यंत वाचणारे माझ्या माहितीतले एकमेव वाचक.

पद्धत अशी होती. कुस्ती रंगात आली की प्रेक्षकांतून कुणीतरी हात वर करून इनाम लावायचा. माईकवाला लगेच त्याचं नाव पुकारायचा, हलगी वाजायची, तो मिशीवर ताव द्यायचा. अडचण वसुलीची. नाव पुकारून झालं की बरेच दाते गर्दीत गडप व्हायचे. आदल्या वर्षी लांबून आलेल्या पैलवानांना कबूल केलेलं इनाम मिळालंच नाही. पुन्हा असं झालं तर तुमच्या गावात पाय ठेवणार नाही, असं ते तोंडावर सांगून गेले. बप्पा स्वतः याच फडातले जुने पैलवान. त्यांना ते फार लागलं होतं.

आमच्या भाषेत याला अनिश्चित महसूल म्हणतात. म्हणजे पैसा जाहीर झालाय, हातात येईलच असं नाही. लेखातला उपाय सोपा होता. प्रायोजक एकच, रक्कम आधी ठरलेली, पुकारणं बंद. बीडचे एक ट्रॅक्टर डीलर, मूळचे याच गावचे, तयार झाले. शेवटच्या मोठ्या कुस्तीआधी ते रोख देणार होते.

पैलवान आले, कुस्त्या चांगल्या झाल्या. पण फडाला जीव नव्हता. माईकवाला सारखं ट्रॅक्टरचंच नाव घ्यायचा. चहाला गेलेले लोक परत येईनात.

डीलरशेठ तणतणत स्टेजवर आले. "बप्पा, रिकाम्या मैदानाला ट्रॅक्टर इकू का? म्या पैसे देत नसतो."

बप्पांचा चेहरा उतरला. शेवटच्या जोडीचे पैलवान अंगाला माती लावून उभे होते.

मी तडक चहाच्या टपरीवर गेलो. ओळखीचे एक बागायतदार बशीत चहा ओतत होते.

"का उठलात?" मी विचारलं.

"बसून काय करू? आमचं काय हाय तिथं? नुसतं बघायला घरी टीव्ही हाय की."

माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी ज्याला वर्गणी समजत होतो, ती खरेदी होती. गावासमोर आपलं नाव ऐकण्यासाठी लोक पैसे लावत होते. फक्त माल आधी आणि पैसे नंतर, एवढीच गडबड. आणि मी दुकानच बंद केलं होतं!

"बप्पा, पुकारणं चालू करा," मी परत येऊन म्हणालो. "पण टेबलावर पैसे ठेवल्याशिवाय नाव नाही."

"लोकायला राग यील, सर."

"सरांनी सांगितलंय म्हणा. फार झालं तर मी बदली करून घेईन."

बप्पांनी माईक हातात घेतला. पहिले आले ते टपरीवरचे बागायतदार. हलगी कडाडली. बघता बघता टपऱ्या ओस पडल्या आणि टेबलासमोर रेटारेटी सुरू झाली. गर्दी बघून शेठ विरघळले, ठरलेले पैसे त्यांनी मुकाट्यानं मोजले. शेवटची कुस्ती लागली. थोड्या वेळानं बघतो तर रेटारेटीत शेठ स्वतः.

"तुमचे फलक आहेत की चारी बाजूंनी," मी म्हणालो.

"ते दुकानाचं हाय, सर." त्यांनी नोटा टेबलावर ठेवल्या आणि मागं जमिनीवर बसलेल्या आपल्या म्हाताऱ्या वडिलांकडं बोट केलं. "हे आमच्या दादाच्या नावानं पुकारा. त्यायनी जन्मभर दुसऱ्याचीच नावं ऐकली."

नाव पुकारलं. म्हातारा दचकला, उठून उभा राहिला आणि चारी दिशांना हात जोडत राहिला.

फड पुढच्या वर्षीही भरला. मी लेख दुरुस्त करून पाठवला. संपादकांचं पत्र आलं: बापाच्या नावाची मागणी कोणत्या सूत्रात बसते, ते दाखवा. ते सूत्र मला अजून सापडलेलं नाही. वसुली आधी करावी, एवढं मात्र खात्रीनं सांगतो.